धुतलेला अंगरखा

मामंजी, तुम्हाला जाऊन आज अठरा दिवस झाले. पाहुणे गेले, शेजारून आणलेली भांडी ज्याची त्याला परत गेली, तुमचे चिरंजीव परभणीला ऑफिसात रुजू झाले आणि मीही सोमवारपासून शाळेत जायला लागले. तुमच्या खोलीत ज्वारीची पोती ठेवू का, असं विचारणारा पहिला माणूस काल येऊन गेला. मी नाही म्हटलं. पुढच्या सुगीला बहुधा हो म्हणेन.

सून रडली का, असं बायका एकमेकींना विचारत होत्या. पहिल्या दिवशी रडले, पुढे जमलं नाही. तुम्हाला खोटं रडणं लगेच ओळखू यायचं, त्यामुळे तुमच्यासमोर तसला प्रयत्न करण्यात अर्थ नव्हता. कांदा जवळ ठेवून रडणाऱ्या नट्या तुम्ही फार पाहिल्या होत्या.

पेपरात तुमच्यावर चार ओळी छापून आल्या. मूकपटाच्या जमान्यातले नट, किल्ल्याच्या बुरुजावरून मारलेली उडी वगैरे. वय चुकलंय. उडीही चुकलीय, पण ते पेपरवाल्याला कसं कळणार? त्या उडीवरूनच आपलं भांडण होतं, आणि ते अर्ध्यात टाकून तुम्ही निघून गेलात. तुमच्याशी भांडायची मला सवय झाली होती. तेव्हा उरलेलं लिहूनच भांडते.

एकवीस वर्षांपूर्वी मी या घरात आले, तेव्हा सासऱ्याची शेती किती, विहिरीला पाणी किती, यातलं काही कळायच्या आधी मला उडी कळली. वालूरच्या फाट्यावर उतरून बैलगाडीत बसलो, तर गाडीवाल्यानं पहिल्याच वळणावर सांगितलं, "तुमचे सासरे लय मोठे हायेत. शिनिमात बुरजावरून उडी मारली त्याइनं." मला वाटलं, मोठं नाव दिसतंय. मग हळूहळू हिशोब कळला. एकूण सात मूकपट. पहिल्यात तुम्ही राजाच्या डोक्यावर छत्री धरून उभे होतात, चारांत पहिल्या अर्ध्या तासात मेलात, एकात गर्दीत होतात. आणि एका ऐतिहासिक चित्रपटात तुम्हाला जरा बरी भूमिका मिळाली, शत्रूच्या वेढ्यातून निरोप घेऊन निसटणाऱ्या शिलेदाराची. खंदकातून सरपटत जायचं, तट चढायचा, बुरुजावरून पलीकडे उडी टाकायची, आणि मग उठून तोंड वर करून किल्ल्याकडे बघायचं. नटांच्या यादीत तुमचं नाव शेवटून दुसरं होतं.

तुम्ही सांगायचात ते मात्र ऐकत राहावं असं असायचं. आवाज टिपला जात नाही म्हटल्यावर नट तोंडानं वाटेल ते बोलायचे. पडद्यावर अक्षरं यायची 'प्राण गेला तरी मागे हटणार नाही', आणि तुम्ही प्रत्यक्षात सेनापतीला विचारलेलं असायचं, आज जेवायला काय हाय. सेनापती म्हणे तितक्याच आवेशात सांगायचा, वांगं! पुढे बोलपट आला. तुम्हाला उभं करून दोन वाक्यं म्हणायला लावली. तुमचं 'हाय' आणि 'न्हाई' ऐकून आवाजाच्या यंत्रापाशी बसलेला माणूस इतका हसला, की कंपनीनं त्याच आठवड्यात तुम्हाला सेलूच्या गाडीत बसवून दिलं. हे सांगताना तुम्हीही हसायचात. मी मात्र त्या यंत्रवाल्याला मनातून कधी माफ केलं नाही. तुमची भाषा मला आवडायची.

तुमचे उपकारही आहेत, तेही लिहायला हवेत. लग्नानंतर मी नोकरी करावी की नाही, यावर या घरात आठवडाभर बैठक चालली होती. तुम्ही सुपारी कातरत नुसतं ऐकत होतात. शेवटी म्हणालात, "खामखा कशाला हुज्जत? शिकलेली हाय. जाऊ द्या." विषय संपला. माझ्या शाळेतल्या पोरांना नाटकात उभं राहायला तुम्ही शिकवलंत. हात उगाच हलवू नको, उजेड कुठून येतोय ते बघ, घोडे येताहेत म्हणायच्या आधी घोडे दिसू देत तुला. नांगरामागे चालणारी पोरं तुमच्यामुळे मंचावर सरळ उभी राहायची. आणि दर वर्षी संमेलनात शेवटी तुम्ही उठायचात आणि उडी सांगायचात. चौदा वर्षं मी पोरांना म्हणत आले, वाजवा टाळ्या.

त्या गर्दीत मागे, फाटकाजवळ, किसनबाबा बसलेले असायचे.

तुम्ही त्यांना शेवटपर्यंत 'किसन्या' म्हणालात. तुमच्या वडिलांच्या सालगड्याचा मुलगा, तुमच्याच वयाचा. विशीत तुम्ही घरातून पळालात तेव्हा ट्रंक उचलायला म्हणून त्यांना बरोबर नेलंत. सेलूहून मनमाड, निजामाच्या मुलखातून इंग्रजाच्या मुलखात, तिथून पुणं. कंपनीत तुम्ही नट झालात आणि ते घोड्यांना चारा घालायला राहिले. परत आलात तेही दोघं बरोबरच. आल्यावर तुम्ही तुमच्या वट्यावर आणि ते ओढ्यापलीकडच्या वस्तीत, जसे आधी होतात तसे. फरक इतकाच, की त्यांचा उजवा पाय लंगडत होता. तिकडे गाडीचं चाक गेलं पायावरून, असं तुम्ही गावात सांगितलंत. एक माणूस बुरुजावरून उडी मारून धडधाकट परत येतो आणि त्याचा गडी पाय मोडून घेतो, यात काही विचित्र आहे असं गावात कुणालाच वाटलं नाही. मलाही नाही.

अठ्ठ्याहत्तर सालच्या पावसाळ्यात विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव झाला आणि मराठवाडा पेटला, तेव्हा आपल्याही गावात कुणीतरी किसनबाबांच्या घरामागची कडब्याची गंजी पेटवली. वस्तीतली बरीच माणसं परभणीला नातेवाइकांकडे गेली. त्या दिवशी सकाळी मी तुम्हाला म्हटलं होतं, की तुम्ही नुसते वेशीत जाऊन उभे राहा, हे गाव तुमचं ऐकतं. तुम्ही म्हणालात, "माझं कोण ऐकतंय? मी शिनिमातला माणूस." दोन दिवसांनी तुम्ही आपल्या वाड्याला लागून असलेला अर्धा कडबा गाडीत भरून त्यांच्या दारात नेऊन टाकायला लावलात. निरोप काही दिला नाहीत. मी रागावले, तर म्हणालात, कडबा पोचला ना? पोचला होता, हे खरं.

नामांतरावर तर आपलं रोजचं ठरलेलं होतं. तुम्ही म्हणायचात, इमारत तीच, पोरं तीच, मास्तर तेच, मग नाव कुणाचंबी दिलं तर फरक काय पडतो? आणि मी म्हणायचे, फरक पडत नसेल तर मग द्यायला काय हरकत आहे? यावर तुम्ही अडकित्ता खाली ठेवायचात.

मग तो पुण्याचा मुलगा आला. जुने मूकपट शोधत हिंडणारा, जाड चष्म्याचा, मराठवाड्यात पहिल्यांदाच येत असल्यामुळे सगळ्यांना वाकून नमस्कार करणारा. त्याला कुठल्याशा गोदामात तुमच्या त्या चित्रपटाचे दोन डबे सापडले होते. बाकीचं सगळं जळून किंवा सडून गेलेलं. उरलेली नऊ मिनिटं त्यानं परभणीत एका सभागृहात दाखवायची ठरवली, आणि तुमचा सत्कार. शाल, नारळ, हार. आपण दोघं पहिल्या रांगेत बसलो. पंचावन्न वर्षांनी तुम्ही स्वतःला पाहणार होतात. मी पडद्याकडे कमी आणि तुमच्याकडे जास्त बघायचं ठरवून आले होते.

पण पडद्यानं मला सोडलं नाही. शिलेदार खंदकातून सरपटत निघाला, पाठ आपल्याकडे. चिखलात पार माखला. तट चढला, अंगरख्याची पाठ काळीकुट्ट. बुरुजावर क्षणभर उभा राहिला, आणि हात पसरून त्यानं उडी टाकली. सभागृहात लोक ओरडले. मीही ओरडले असेन. मग पुढच्याच क्षणी तो जमिनीवरून उठला आणि तोंड वर केलं. विशीतले तुम्ही. काय देखणे होतात! आणि तुमचा अंगरखा पांढरास्वच्छ होता. ओला, अंगाला चिकटलेला, आणि स्वच्छ.

मी शाळामास्तरीण आहे. चाळीस पोरांपैकी कुणी कुणाच्या वहीतून उतरवलंय ते मला दारातून कळतं. मी तुमच्याकडे पाहिलं. तुम्ही मान खाली घालून शालीचा काठ बघत होतात.

घरी आल्यावर तिसऱ्या दिवशीची गोष्ट. उन्हाळ्याची सुटी होती, मी ओसरीवर गहू निवडत होते, तुम्ही समोर. मी म्हटलं, "मामंजी, उडी मारणाऱ्याच्या पाठीवर चिखल होता. उतरलेल्याच्या नव्हता."

"पाण्यात पडलो की."

"खाली कडबा पसरलेला दिसत होता. वाळलेला."

"लय हुज्जत घालती तू, सूनबाई. मास्तरीण हायस का फौजदार?"

मी गहू निवडत राहिले. अर्धं सूप झालं असेल. मग तुम्ही माझ्याकडे न बघता म्हणालात, "किसन्या व्हता त्यो."

तुम्ही सगळं सांगितलंत, एकदाच आणि सलग. तट चढायला तुम्ही गेला होतात. अर्ध्यावर खाली पाहिलंत आणि तिथंच अडकलात, पुढे जाता येईना की मागे. दोघांनी चढून तुम्हाला उतरवलं. कंपनीचे लोक हसले. घोड्यांपाशी उभे असलेले किसनबाबा म्हणाले, मी मारतो, पाठच तर दिसायची हाय. त्यांनी तीनदा उडी मारली. पहिल्यांदा कॅमेऱ्यात फिल्म अडकली, दुसऱ्यांदा पागोटं उडालं. तिसरी उडी चांगली आली आणि पाय गेला. मग उरलं एवढंच, की तोच अंगरखा तुम्ही घालायचा आणि उठून तोंड वर करायचं. कारण अंगरखा एकच होता. गरीब कंपनी, दुसरा शिवलेला नव्हता.

किसनबाबांनी तो अंगातून काढून तुमच्यापुढे धरला, आणि तुमचा हात पुढे होईना.

"ऊन चाललं व्हतं," तुम्ही म्हणालात. "समदं उन्हावर असायचं तवा. ऊन गेलं की दिवस गेला. डायरेक्टर शिव्या द्यायला लागला. पर माझ्याच्यानं घालवंना. किसन्यानं बघितलं माझ्याकडं. लंगडत लंगडत वढ्यावर गेला, धुतला, पिळला, आणून दिला. मंग घातला मी. पुन्ना चिखल लावायला येळ न्हवता."

"कंपनीत तर तुम्ही सगळ्यांच्या पंगतीत जेवत होतात."

"व्हय."

"घर इतकं लांब. कोण बघणार होतं?"

तुम्ही म्हणालात, "मला दिसत व्हतं ना."

मामंजी, या वाक्याबद्दल मी तुमची आभारी आहे. दुसऱ्या कुणी डायरेक्टरचं नाव पुढे केलं असतं, काळ तसा होता म्हटलं असतं. तुम्ही तसं केलं नाहीत. पण आभार त्या दिवशी मानायचं मला सुचलं नाही. मला सुचलं ते एवढंच, की चौदा वर्षं मी पोरांना दुसऱ्याच्या उडीवर तुमच्यासाठी टाळ्या वाजवायला लावल्या. मी म्हटलं, पुढच्या संमेलनात खरं सांगायचं. तुम्ही म्हणालात, आता कुणाला काय करायचंय? मी म्हटलं, नाहीतर माझ्या शाळेच्या मंचावर पाय ठेवायचा नाही. सासऱ्याला असं बोलणारी सून गावात दुसरी नसेल. तुम्ही सात-आठ महिने घुटमळलात, आणि जानेवारीत एक दिवस जेवता जेवता म्हणालात, "सांगतो."

संमेलनाला तुम्ही इस्त्रीचं धोतर नेसून आलात. पोरांचे नाच झाले, लेझीम झालं, सरपंचांचं भाषण झालं. तुम्ही उठलात. खंदक सांगितलात, तट सांगितलात, बुरूज आला. "आन मंग..." म्हणालात, आणि थांबलात. इतके थांबलात, की पुढच्या रांगेतली पोरं एकमेकांकडे बघायला लागली. मला वाटलं, आता येतंय. "आन मंग मी उडी मारली," असं म्हणालात तुम्ही. टाळ्या पडल्या. मागे फाटकाजवळ किसनबाबाही वाजवत होते.

घरी मी तुम्हाला काय काय बोलले, ते इथं लिहीत नाही. तुम्ही ऐकून घेतलंत आणि एवढंच म्हणालात, की किसन्यानं मला डोळ्यानं खुणावलं, नको म्हनला. मी म्हटलं, एवढ्या लांबून? तर म्हणालात, "मूकपटातला माणूस हाय मी. डोळे वाचता येतात मला." मी विश्वास ठेवला नाही. महिनाभर तुमच्याशी जेवण वाढण्यापुरतंच बोलले. तुम्ही माझ्याकडे चहा मागायचं सोडून दिलंत आणि स्वतः करायला लागलात. दोन पातेली जाळलीत. तिसऱ्या पातेल्याला मीच उठले.

पुढच्या वर्षी श्रावणात किसनबाबा वारले. तुम्ही मातीला गेलात, सगळ्यांच्या मागे उभे राहिलात आणि परत आलात. त्या दिवशी जेवला नाहीत. मी ताट झाकून ठेवलं आणि सकाळी म्हशीपुढे ठेवलं. तेव्हाही माझा राग गेला नव्हता, हे आज सांगून टाकते. तुम्ही संमेलनाला यायचं बंद केलंत आणि मी बोलावलं नाही. पोरं विचारायची, उडीवाले आजोबा कुठायत? मी म्हणायचे, पाय दुखतात त्यांचे.

मग तुमचं अंथरूण. या दिवाळीनंतर एका दुपारी मी तुमचं डोकं पुसत होते, तेव्हा तुम्ही म्हणालात, "सूनबाई, त्या पुण्याच्या पोराला लिही." त्यानं एक कागद ठेवून दिला होता. त्या चित्रपटात कुणी काय काम केलं, तेवढं लिहून पाठवा म्हणून. तो कागद चार वर्षं तुमच्या गादीखाली कोरा होता.

"काय लिहू?"

"तुला ठाव हाय." मग थोड्या वेळानं, "आत्ता नगं. मी गेल्यावर."

मी म्हटलं, "मेल्यावर खरं बोलणं सोपं असतं, मामंजी."

तुम्ही भिंतीकडे तोंड केलंत. त्यानंतर तुम्ही माझ्याशी पाणी, कूस, उजेड, एवढंच बोललात. ते वाक्य परत घेता आलं असतं तर मी घेतलं असतं. खरं होतं, तरी घेतलं असतं.

चौदाव्या दिवशी शाळेच्या पटांगणात शोकसभा झाली. सगळ्यांनी उडी मारली. सरपंचांनी तर बुरुजाची उंची दुप्पट केली. मग म्हणाले, सूनबाईंनी चार शब्द बोलावेत. मी उभी राहिले आणि सांगितलं, की ती उडी किसनबाबांची होती. त्यांचा पाय तिथंच मोडला. आणि अंगरखा धुतल्याचंही सांगितलं, कारण ते सोडून सांगितलं असतं तर ते पुन्हा अर्धंच झालं असतं. सरपंच चष्मा पुसायला लागले. मागून कुणीतरी म्हणालं, बाईचं डोकं फिरलं का काय. घराच्या दारात आल्यावर तुमचे चिरंजीव म्हणाले, बाबांची राख तरी थंड होऊ द्यायची होतीस. मी म्हटलं, राख सावडून अकरा दिवस झाले.

दुसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर मी ओढ्यापलीकडे गेले. किसनबाबांच्या गयाबाई दारात तूर पाखडत बसल्या होत्या. लपवत नाही, चालताना मला स्वतःबद्दल बरंच बरं वाटत होतं. आपण त्यांच्यासाठी काहीतरी मोठं घेऊन चाललो आहोत, असं. मी त्यांच्यासमोर बसले आणि म्हटलं, गयाबाई, काल मी सगळ्यांसमोर सांगितलं, उडी किसनबाबांची होती.

"आईकलं," त्या म्हणाल्या. सूप थांबलं नाही.

"तुम्हाला माहीत होतं?"

आता त्या हसल्या. "आमच्या वस्तीत बारक्या लेकरालाबी ठाव हाय, बाई. तुमच्याच गल्लीला ठाव न्हवतं. दरसाली थोरले मालक तितं सांगायले की ह्ये घरी येऊन लेकराइला करून दाखवायचे. मालकाचं कुठं चुकलं त्येबी सांगायचे. म्हनायचे, आदी गुडघे वाकवायचे असत्येत, मालक त्ये सांगतच न्हाईत."

माझं मोठं काहीतरी तिथंच जमिनीवर राहिलं. मग मी तुमच्यासाठी विचारलं. मला तुम्ही खरे ठरायला हवे होतात, मामंजी. मी विचारलं, त्या वर्षी संमेलनात किसनबाबांनी मामंजींना खुणावलं होतं का? सांगू नका म्हणून?

गयाबाईंनी सूप खाली ठेवलं. "न्हाई बाई. खुणावतील कशाला? आदल्या दिशी मालक आले व्हते हितं. ह्याच वट्यावर बसले. म्हनले, किसन्या, उद्या तुपलं नाव घेतो. मंग ह्येइनं सकाळी दाढी केली, नवं धोतर नेसले, आन गेले."

तुम्ही त्यांच्या वट्यावर जाऊन बसला होतात, हे तुम्ही मला कधी सांगितलं नाहीत. साठ वर्षांत पहिल्यांदा बसला असाल. तेवढं करून तुम्ही परत आलात, आणि दुसऱ्या दिवशी माझ्या मंचावर तुम्ही अर्ध्या तटावर अडकलात. मला तेव्हा फक्त खोटं बोलणारा म्हातारा दिसला.

"मग घरी आल्यावर काय म्हणाले किसनबाबा?" मी विचारलं.

"काय म्हनतील? धोतर सोडून घडी घातली. म्हनले, मालकाला उडी मारता येतच न्हाई. पयल्यापासून."

हे सांगताना गयाबाई रागावलेल्या नव्हत्या. मी पिशवीतून तो पुण्याचा कागद काढला. तुमचं नाव, शिलेदार म्हणून, मी आदल्या दिवशीच लिहिलं होतं, आणि ते तसंच राहणार आहे, कारण तोंड वर करून किल्ल्याकडे बघणारे तुम्हीच होतात आणि ते तुम्ही फार सुरेख केलं होतंत. त्याच्या खालच्या ओळीत मी लिहिलं, 'उडी मारणारा', आणि पेन थांबलं. 'किसन' याच्या पुढचं मला काही माहीत नव्हतं. ज्या माणसाचं नाव घ्या म्हणून मी तुमच्याशी इतकी वर्षं भांडले, त्याचं पूर्ण नाव मी कधी विचारलं नव्हतं.

"गयाबाई, पूर्ण नाव सांगता का त्यांचं?"

त्या लाजल्या. पंच्याहत्तर वर्षांची बाई, पदर तोंडाशी नेला. "नाव कसं घेऊ, बाई? आजवर घेतलं न्हाई म्या. उखान्यातबी न्हाई. 'ह्ये' म्हनूनच गेली समदी जिनगी."

मी म्हटलं, शेजारी कुणाला तरी विचारते. उठायला लागले, तर त्यांनी माझा हात धरून मला खाली बसवलं. रस्त्याकडे एकदा पाहिलं. डोक्यावरचा पदर सारखा केला. आणि ओढ्याच्या अलीकडे ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं म्हणाल्या, "किसन सटवाजी खिल्लारे."

मी लिहून घेतलं.

"काय लिवलं त्ये वाचा."

मी वाचून दाखवलं, उडी मारणारा, किसन सटवाजी खिल्लारे. गयाबाईंनी डोळे मिटून ऐकलं.

"पुन्ना वाचा, बाई," त्या म्हणाल्या. मी पुन्हा वाचलं.